चाकांवरची चूल



आजच्या भाषणाचा विषय ऐकून आपणांपैकीं कांहींना नवल वाटेल. ज्यानें उभा जन्म मुलांना अपूर्णांक आणि सृष्टिज्ञान शिकविण्यांत घालविला, त्या शाळामास्तरानें मोटरगाडीवर गॅसची शेगडी कशी जोडावी हें सांगावयास बसावें, हें थोडें विचित्र दिसतें खरें. परंतु ज्या परभणी जिल्ह्यांत मी राहतों तेथें हा विषय मुळींच विचित्र नाहीं. शेगांवची श्रीगजाननमहाराजांची पालखी दरवर्षीं परभणीवरून गंगाखेडास गोदावरीच्या कांठीं येते व तेथून पुढें पंढरीची वाट धरते. गंगाखेड हें तर जनाबाईंचें जन्मगांव. आसपासच्या गांवांच्या लहानमोठ्या दिंड्या आषाढीसाठीं निघतात, आणि पायीं चालणाऱ्या प्रत्येक दिंडीमागें एक ट्रक चालतो. त्या ट्रकांत राहुट्या असतात, शिधा असतो, वळकट्या असतात, चालून थकलेल्या म्हाताऱ्या बायका असतात. आणि हल्लीं गॅसच्या टाक्याहि असतात.

पूर्वीं मुक्कामावर तीन दगड मांडले आणि चार गोवऱ्या पेटविल्या कीं चूल झाली. तिचा धूर डोळ्यांत जाई, पाऊस आला तर ती विझे, पण ती चूल कोणाच्या उशाशीं येऊन निजत नसे. गॅसचें तसें नाहीं. तो स्वच्छ आहे, झटपट आहे, भर पावसांतहि पेटतो. मात्र चूल विझली तरी टाकी गाडींतच राहते व रात्रभर माणसांच्या सोबतीला असते. शहरांतील जीं सुशिक्षित कुटुंबें आजकाल टेम्पो करून अष्टविनायकास किंवा कोंकणांत जातात व वाटेंत स्वतःचा चहा स्वतः करतात, त्यांचीहि गोष्ट हीच. महाराष्ट्र शासनानें २०२१ सालीं कॅराव्हॅन पर्यटनाचें, म्हणजे ज्या गाडींत निजण्याची व रांधण्याची सोय असते अशा गाड्यांचें, धोरण जाहीर केलें. तेव्हां चाकांवरचें घर ही आतां केवळ साहेबलोकांची चैन राहिलेली नाहीं.

आतां मूळ मुद्दा. आपल्या घरीं येणारा गॅस हा प्रोपेन व ब्युटेन या दोन वायूंचें मिश्रण होय. टाकींत तो दाबाखालीं पातळ होऊन राहिलेला असतो, आणि मोकळा सुटला कीं त्या द्रवाच्या सुमारें अडीचशे पट जागा व्यापतो. इतकें पुष्कळांना ठाऊक असतें. परंतु त्याचा जो गुण प्रवाशानें सर्वांत अगोदर ध्यानांत ठेवावयास हवा, तो क्वचितच कोणी ध्यानांत ठेवतो: हा वायु हवेहून जड आहे. प्रोपेन हवेच्या दीडपट भरतो, ब्युटेन जवळजवळ दुप्पट. धूर वर जातो, वाफ वर जाते, म्हणून आपल्या मनाची अशी समजूत असते कीं गॅसहि वर जाईल आणि वरच्या फटींतून निघून जाईल. तो वर जात नाहीं. पालथ्या झालेल्या घागरीचें पाणी जसें जमिनीवरून वाहत खोलगट जागा शोधतें, तसा तो खालीं उतरतो, तळाशीं पसरतो, आणि तळाला वाट नसेल तर तेथेंच सांचून राहतो.

येथें थोडासा हिशेब मांडला तर श्रोत्यांनीं कंटाळूं नये. मास्तराची ती जुनी संवय आहे. समजा, ट्रकचा हौदा १७ फूट लांब, ७ फूट रुंद व ताडपत्रीपर्यंत ६ फूट उंच आहे. म्हणजे आंतील जागा ७१४ घनफूट, अर्थात् सुमारें २०,००० लिटर. हवेंत या गॅसचें प्रमाण शेंकडा २ च्या आसपास पोहोंचलें कीं तें मिश्रण ठिणगीनें भडकूं शकतें, व शेंकडा ९ च्या आसपासपर्यंत तो धोका कायम असतो. वीस हजारांचे शेंकडा २ म्हणजे ४०० लिटर. एक किलो गॅस मोकळा झाला तर त्याचे सुमारें ५०० लिटर होतात. म्हणजे ८०० ग्रॅम गॅस सगळा हौदा भरून टाकण्यास पुरे. पण आपण आतांच पाहिलें कीं तो सगळीकडे सारखा पसरत नाहीं, तळाशीं बसतो. खालच्या एक फुटाच्या थरापुरताच हिशेब केला तर सहावा हिस्सा पुरतो. तो भरतो साधारण १३० ग्रॅम. टाकींत असतो १४ किलो २०० ग्रॅम! आणि तो एक फुटाचा थर म्हणजे काय? जेथें सतरंजीवर माणसें निजलेलीं असतात, तोच तो थर.

हें केवळ कागदी गणित नव्हे. २६ ऑगस्ट २०२३ रोजीं पहाटे मदुराई स्थानकाजवळ उभ्या असलेल्या एका खासगी यात्रा-डब्याला आग लागली. डबा लखनौकडून निघालेल्या यात्रेकरूंचा होता. आगगाडींत गॅसची टाकी नेण्यास बंदी असतांना ती आंत नेलेली होती, आणि पहाटे कोणी चहा करावयास घेतला. नऊ माणसें मेलीं. तीहि यात्राच होती, तींहि घरून निघतांना देवाला नमस्कार करून निघालेलीं माणसें होतीं.

अशा बातम्या ऐकून लोक एक उपाय करतात, आणि त्या उपायाविषयींच मला आज विशेष बोलावयाचें आहे. ते शेगडी गाडीबाहेर काढतात. गेल्या खेपेस आमच्या गांवच्या दिंडीनें हेंच केलें. एका कारागिराकडून ट्रकच्या बाजूच्या पत्र्याला भोंक पाडून घेतलें, टाकी केबिनच्या पाठीमागें, हौद्यांतच, एका लांकडी खोक्यांत ठेवली, आणि रबरी नळी त्या भोंकांतून बाहेर आणून खालीं तिपाईवर शेगडी मांडली. सर्वांना मोठें समाधान वाटलें. दिंडीप्रमुखांनीं मला मुद्दाम बोलावून तें दाखविलें. मी म्हटलें, "महाराज, चूल बाहेर आली खरी, पण गॅस आंतच राहिला." ते म्हणाले, "मास्तर, ज्योत बाहेर आहे म्हटल्यावर आंत काय पेटणार?" पुष्कळांचा तर्क असाच चालतो, म्हणून तो ऐकून मला आश्चर्य वाटलें नाहीं. पण आंत ट्रकची बॅटरीची तार आहे, मोबाईल भारित करण्याचें बटण आहे, देवापुढची उदबत्ती आहे, एखाद्या आजोबांची विडी आहे. ज्योत एकच असते असें नाहीं. आणि गळती ज्योतीपाशीं क्वचितच होते. ती होते टाकीच्या तोंडाशीं, रेग्युलेटरच्या बैठकींत, नळीच्या टोंकाशीं, आणि या ठिकाणीं विशेषेंकरून त्या पत्र्याच्या भोंकांत, जेथें प्रत्येक खड्ड्यासरशीं धारदार कड रबर कांपीत होती. तीनशें किलोमीटर रस्त्यावर खड्डे किती लागतात हें मराठवाड्यांतल्या माणसाला सांगावयास नको.

म्हणून पहिली व सर्वांत महत्त्वाची गोष्ट ही, कीं बाहेरची जोडणी म्हणजे बाहेरची टाकी. निजण्याच्या जागेंतून गॅसची नळी जाऊंच नये. गेली नाहीं तर ती गळण्याचा प्रश्नच उरत नाहीं. युरोपांत कॅराव्हॅन बांधणारे लोक टाकीसाठीं एक निराळें कपाट करतात. त्याचें दार बाहेरून उघडतें, घराच्या बाजूनें तें पूर्ण बंद असतें, आणि तळाला भोंकें ठेवलेलीं असतात. वर नव्हे, तळाला, म्हणजे गळालेला गॅस सरळ रस्त्यावर पडावा व वाऱ्यानें जावा. हें तत्त्व आपल्याकडील लोहारालाहि सहज साधण्यासारखें आहे. आमच्या दिंडीनें शेवटीं तेंच केलें. गाडीच्या कुशीला, पुढल्या व मागल्या चाकांच्या दरम्यान, धुराड्याच्या व बॅटरीच्या विरुद्ध बाजूस, लोखंडी पट्ट्यांचा पिंजरा बसविला. तळ जाळीचा, टाकी उभी राहील असा, आणि ती हलूं नये म्हणून कमरेला पट्टा. मागच्या बाजूस पिंजरा बसवावा असें कांहींजण म्हणत होते, परंतु रात्रीं मागून येणारी गाडी प्रथम कोठें आदळते याचा विचार केल्यावर तो बेत सोडला. गाडीच्या बांधणींत असा फेरफार करावयाचा तर परिवहन कार्यालयाची संमति घ्यावी लागते. ती घेण्यास कंटाळूं नये. आणि ज्यांना एवढी उठाठेव करावयाची नाहीं, त्यांनीं पक्की जोडणी करूंच नये. टाकी बाहेरच्या पिंजऱ्यांत तोंड बंद करून न्यावी, मुक्कामावर खालीं उतरवून सपाट जमिनीवर उभी ठेवावी, आणि तेथें शेगडी लावावी. माझ्या मतें दिंडीला हाच मार्ग अधिक बरा.

टाकी उभीच हवी असें मी दोनदां म्हणालों, त्याचें कारण आहे. उभ्या टाकींत खालीं द्रव व वर वाफ असते, आणि रेग्युलेटर वाफेसाठीं बनविलेला आहे. टाकी आडवी केली कीं तोंडाशीं द्रव येतो. तो नळींत शिरला तर शेगडीवर हातभर भडका उठतो. गाडी चालूं लागण्यापूर्वीं रेग्युलेटर बंद करून काढून घ्यावा आणि दोरीला लोंबकळणारी ती प्लॅस्टिकची टोपी तोंडावर घट्ट बसवावी. ही टोपी पुष्कळ घरीं पहिल्याच दिवशीं हरवलेली असते.

आतां दाबाविषयीं. टाकींतील दाब हवामानाप्रमाणें बदलतो. आपल्याकडे तो चौरस सेंटिमीटरला ५ ते ८ किलोग्रॅम असा धरावयास हरकत नाहीं, आणि परभणीच्या वैशाखांत, पारा ४३ अंशांवर असतां, तापलेल्या पत्र्याखालीं तो याहूनहि वर चढतो. घरगुती रेग्युलेटर हा दाब उतरवून अवघा ३० ग्रॅमवर आणतो. म्हणजे केवढा? एक फूट खोल पाण्याच्या तळाशीं जेवढा जादा दाब असतो, तेवढा. पन्नास मीटर खोल विहिरीचा दाब एका बादलीएवढा करून देणारें हें यंत्र आहे, आणि आपल्या शेगडीचीं छिद्रें त्या बादलीच्या मापाचीं असतात. दिंडीच्या मोठ्या भट्टीला जो रेग्युलेटर लागतो तो निराळा. त्याचा दाब चावीनें कमीजास्त करतां येतो व घरच्या शेगडीपेक्षां कितीतरी अधिक असतो. एकाच पिशवींत दोन्ही असले आणि घाईघाईनें मोठा रेग्युलेटर लहान शेगडीला लागला, तर ज्योत तव्याला वेढा घालून वर येते आणि जी नळी फूटभर पाण्याच्या दाबासाठीं केलेली तिच्यावर भलताच ताण येतो. दोघांना निरनिराळ्या रंगाची चिंधी बांधून ठेवावी. आम्हीं तसें केलें आहे.

याच्या नेमकी उलट तक्रार मला परदेशांतून आली. माझा एक जुना विद्यार्थी अमेरिकेंत असतो. सुट्टींत तो मुलाबाळांसह भाड्याच्या चाकांवरच्या घरांतून हिंडतो. त्या गाडीच्या बाहेरच्या अंगाला गॅसचें एक तोंड असतें. त्याला नळी लावून अंगणांत शेगडी पेटवितां येते. त्यानें विकत आणलेली शेगडी लावली तर ज्योत काजव्यासारखी मिणमिणती! त्यानें पत्र लिहून मला कारण विचारलें. कारण सोपें होतें. गाडीच्या बाहेरच्या तोंडाशीं गॅस येतो तो गाडीच्या रेग्युलेटरनें अगोदरच उतरविलेला, म्हणजे सुमारें अकरा इंच पाण्याच्या दाबाचा. विकतच्या शेगडीला तिचा स्वतःचा रेग्युलेटर होता, आणि त्याची अपेक्षा होती टाकीच्या पूर्ण दाबाची. उतरविलेला दाब पुन्हां उतरविला. मग उरणार काय? अशा वेळीं कांहीं उद्योगी माणसें शेगडीचें छिद्र सुईनें मोठें करतात. तें कदापि करूं नये. एक तर शेगडी अशी घ्यावी कीं जी बनविणारानेंच उतरविलेल्या दाबासाठीं केली आहे, किंवा तिच्या टाकीसह ती स्वतंत्र वापरावी. एका वाटेवर दाब उतरविणारा एकच असावा. जातां जातां सांगतों, त्या थंड देशांत टाकींत बहुतेक निव्वळ प्रोपेन भरतात, कारण पाणी गोठण्याच्या सुमारास ब्युटेनची वाफच होईनाशी होते. प्रोपेन शून्याखालीं ४२ अंशांपर्यंत दम धरतो. आपल्याला ती अडचण नाहीं. आपली अडचण ऊन आहे. टाकी सावलींत ठेवावी, पण ताडपत्री गुंडाळून झांकूं नये.

नळीचें काय? नारिंगी रंगाची, आंत तारेचें जाळें असलेली सुरक्षा नळी मिळते. तिच्यावर मुदत छापलेली असते, ती वाचावी. घरगुती जोडणीला दीड मीटरपेक्षां लांब नळी लावूं नये, आणि दोन तुकडे जोडून तर नाहींच. शेगडी लांब नेणें आवश्यकच असेल तर मधला भाग धातूच्या पक्क्या नळीचा करावा, तो जागजागीं पकडींत बसवावा, पत्र्यांतून जातो तेथें रबरी कडें घालावें, आणि हें काम गॅसवितरकाच्या माहीतगार माणसाकडून करवावें. एका नळीला टी बसवून दोन शेगड्या चालविण्याची जी टूम निघाली आहे, ती मला पसंत नाहीं. जितके सांधे अधिक तितक्या गळण्याच्या जागा अधिक. टाकी घेतांना तिच्या मानेजवळच्या पट्टीवरील अक्षर पाहावें: अ, ब, क, ड यांच्या जागीं तेथें इंग्रजीचीं पहिलीं चार अक्षरें असतात, आणि पुढें सालाचे दोन अंक. पहिलें अक्षर मार्चअखेर, दुसरें जूनअखेर, याप्रमाणें. ती तारीख उलटलेली टाकी परत करावी. आणि टाकी कोणाची न्यावी? घरची लाल टाकी, १४.२ किलोची, घरच्या स्वयंपाकासाठीं दिलेली असते. शेदीडशें माणसांच्या पंगतीसाठीं १९ किलोची निळी टाकी रीतसर घ्यावी. पैसे जास्त पडतात हें खरें. दिंडीच्या वर्गणींत तें बसवितां येतें.

प्रत्येक मुक्कामावर जोडणी झाल्याबरोबर साबणाचा फेस करून सगळ्या सांध्यांना लावावा. शेगडीच्या चाव्या बंद, रेग्युलेटर चालू, आणि मग दोन मिनिटें शांतपणें पाहत राहावें. बुडबुडा फुगला कीं गळती. काडी ओढून गळती शोधणारे लोक मी पाहिले आहेत. त्यांचें धैर्य अचाट म्हणावें कीं काय म्हणावें, तें ठरविणें मला जमलेलें नाहीं. गॅसला स्वतःचा वास नसतो. गळती कळावी म्हणून त्यांत मर्कॅप्टन नांवाचें अति उग्र द्रव्य मुद्दाम मिसळलेलें असतें. पण वासावर फार विसंबूं नये. झोपेंत नाक नीट जागें नसतें, आणि उतारवयांत तर अनेकांचें घ्राणेंद्रिय मंद होतें. आमच्या ट्रकांत निजणाऱ्या बहुतेक बायका साठीच्या पुढच्या आहेत.

आणखी एक संकट आहे, व तें आषाढांतलें आहे. पाऊस जोराचा लागला कीं बाहेर मांडलेली शेगडी उचलून लोक हौद्यांत आणतात आणि ताडपत्री चारी बाजूंनीं सोडतात. जोडणी अगदीं निर्दोष असली तरी हें घातक आहे. एक किलो गॅस जळावयास १२ ते १४ घनमीटर हवा लागते. आपल्या ट्रकांत सगळी मिळून २० घनमीटर. हवा अपुरी पडूं लागली कीं ज्योत पिवळी होते, भांड्याची बूड काळी होते, आणि कार्बन मोनॉक्साइड नांवाचा विषारी वायु तयार होऊं लागतो. त्याला वास नाहीं, रंग नाहीं. डोकें दुखतें, गुंगी येते, आणि थकलेल्या माणसाला वाटतें कीं आपल्याला झोपच येत आहे. पावसासाठीं गाडीच्या कडेला छपरासारखी ताडपत्री बांधावी, तीन बाजू मोकळ्या ठेवाव्या, आणि तेथें रांधावें. भाकरी अर्धा तास उशिरां झाली तर वारकरी कुरकुरत नाहींत. भजन चालूंच असतें.

रात्रीं वास आलाच तर काय करावें, तेवढें सांगून मी थांबतों. दिवा लावूं नये व लागलेला दिवा मालवूंहि नये, कारण बटणाची ठिणगी दोन्ही वेळां उडते. मोबाईलच्या उजेडासाठीं धडपडूं नये. चालकानें गाडी सुरू करूं नये. माणसांना हाक मारून उतरवावें, ताडपत्री खालपासून वर उचलावी, फळका पाडावा, म्हणजे तळाचा गॅस वाहून जाईल. टाकी बाहेर पिंजऱ्यांत असेल तर तिचें तोंड बंद करणें एका माणसाचें काम आहे, आणि तो माणूस कोण, हें निघण्यापूर्वींच ठरलेलें असावें. मग दूर जाऊन १९०६ या क्रमांकावर कळवावें. गॅसगळतीसाठीं तो क्रमांक रात्रंदिवस चालू असतो. आमच्या दिंडीनें तो पिंजऱ्याच्या दारावर पांढऱ्या रंगानें लिहून घेतला आहे, आणि त्याखालीं साबणाची वडी ठेवण्यासाठीं एक डबी टांगली आहे.